आधी मूल बघायचं, मग भिंत : मेरी मेड यांच्या शाळा

इंग्लंडमधल्या एका वास्तुरचनाकार बाईंविषयी बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातल्या शिक्षिकेनं लिहावं, याला कारण आहे. मेरी मेड यांनी आयुष्यभर जवळपास फक्त शाळांचंच काम केलं, आणि त्यांच्या शाळांपैकी मला सर्वांत मोलाची वाटते ती एका खेड्यातली, दोन शिक्षकांची आणि पन्नासएक मुलांची. आमच्याकडं जांबोटी, कणकुंबीच्या बाजूला रानातल्या गावांमधून अशाच द्विशिक्षकी सरकारी मराठी शाळा आहेत. पट घटत आलेला, पहिली ते पाचवीची मुलं, दोन खोल्या आणि पुढं पडवी. मी अशाच एका शाळेत शिकवते. इमारत शिकवण्याला किती हात देते आणि किती अडवते, हे आम्ही रोज बघतो. पण आपली चर्चा खोली मंजूर झाली की नाही एवढ्यावरच थांबते. ती कशी असावी, यावर कुणी बसत नाही. मेरी मेड तीसेक वर्षं नेमक्या त्याच प्रश्नावर बसल्या होत्या.

त्यांचा जन्म ४ ऑगस्ट १९०७ चा, ब्रॅडफर्ड या लोकरीच्या गिरण्यांच्या शहरातला. माहेरचं आडनाव क्राउली. वडील राल्फ क्राउली डॉक्टर होते आणि तिथल्या शाळांचे वैद्यकीय अधिकारी होते. मेरी जन्मल्या त्याच वर्षी या डॉक्टरांनी चाळीसएक गरीब मुलांना काही महिने शाळेतर्फे न्याहारी आणि दुपारचं जेवण दिलं आणि नियमानं त्यांची वजनं घेतली. जेवण न मिळणाऱ्या मुलांपेक्षा या मुलांची वजनं जास्त वाढली. मधे सुट्टी आली, जेवण थांबलं, तेव्हा ती घटलीही. शाळेनं जेवू घालावं की नाही यावर तेव्हा इंग्लंडमध्ये तावातावानं वाद चालू होता. या माणसानं वाद बाजूला ठेवून मुलांना तराजूवर उभं केलं. आपल्या शाळेत रोज अक्षर दासोहचा, म्हणजे कर्नाटकातल्या शालेय मध्यान्ह भोजन योजनेचा, भात शिजतो, त्यामुळं ही गोष्ट मला फार जवळची वाटते. आणि मेरी यांच्या पुढच्या सगळ्या कामाची किल्ली मला इथंच सापडते: मत मांडण्याआधी मूल नीट बघायचं, मोजायचं, लिहून ठेवायचं.

वडिलांची बदली लंडनच्या शिक्षण खात्यात झाली. पुढं कुटुंब वेल्विन गार्डन सिटी या नव्यानं वसवलेल्या, झाडाझुडपांच्या गावी राहायला गेलं. १९२७ मध्ये मेरी लंडनच्या आर्किटेक्चरल असोसिएशनच्या शाळेत दाखल झाल्या. स्कँडिनेव्हियातल्या साध्या, उबदार इमारती बघून आल्या. १९३६ च्या सुमारास ट्यूइन या गावी सेसिल केम्प यांच्यासोबत त्यांनी तीन घरं उभी केली, त्यातलं एक स्वतःच्या आईवडिलांसाठी. विटांची, एकाच बाजूला उतरत्या छपराची ही घरं त्या भागात अगदी नवीन होती.

इथं जरा थांबून ‘आधुनिकतावादी वास्तुकला’ म्हणजे काय ते सांगायला हवं, कारण हा शब्द ऐकला की लोकांच्या डोळ्यांपुढं काचेचा डबा येतो. एकोणिसाव्या शतकातली इंग्लंडमधली शाळा बाहेरून आधी ठरायची. समोरून भारदस्त दिसली पाहिजे, कळस-कमानी पाहिजेत, मग त्या आकारात वर्ग बसवायचे. खिडक्या मुद्दाम उंच, म्हणजे मुलांचं लक्ष बाहेर जायला नको. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला युरोपातल्या काही मंडळींनी हा क्रम उलटा केला. आधी आत काय काम चालणार ते बघा, त्यासाठी किती उजेड, किती वारा, किती जागा लागते ते ठरवा, आणि त्यातून जो आकार निघेल तोच इमारतीचा आकार. वरून चिकटवलेली नक्षी नको, लोखंड-काँक्रीट लपवायला नको. मूळ विचार एवढाच.

या विचाराचे मोठे गुरू वॉल्टर ग्रोपियस. नाझींच्या जर्मनीतून ते इंग्लंडला आले, आणि केंब्रिजशायरमध्ये इंपिंग्टनला मॅक्सवेल फ्राय यांच्यासोबत त्यांनी एक ग्रामविद्यालय आखलं. ते १९३९ मध्ये उघडलं. दिवसा तिथं मुलं शिकायची, संध्याकाळी त्याच इमारतीत गावातली मोठी माणसं वाचायला, शिकायला यायची. ही कल्पना हेन्री मॉरिस या शिक्षणाधिकाऱ्याची, आणि मेरी यांच्यावर तिचा गहिरा परिणाम झाला. ग्रोपियस त्याआधीच, १९३७ मध्ये अमेरिकेला हार्वर्डला गेले होते. तिथं १९४५ साली त्यांच्याकडं शिकायला गेलेला एक विद्यार्थी आपल्या शेजारच्या मालवण तालुक्यातल्या आचऱ्याचा होता: अच्युत कानविंदे. पुढं त्यांनी कानपूरची आयआयटी बांधली तेव्हा तिथल्या उन्हाचा विचार करून सावलीतल्या लांब चालवाटा दिल्या. एकाच गुरूचा विचार इंग्लंडच्या थंडीत आणि कानपूरच्या उन्हात वेगवेगळं रूप घेतो, हे आपण लक्षात ठेवू. पुढं कामाला येईल.

१९४१ मध्ये मेरी हर्टफर्डशायर परगण्याच्या शिक्षण खात्यात रुजू झाल्या. युद्ध चालू होतं. त्यांच्याकडं काम आलं ते शाळांच्या स्वयंपाकघरांचं आणि जेवणाच्या जागांचं, म्हणजे पुन्हा वडिलांचाच विषय. वास्तुरचनाकारानं थेट शिक्षण खात्यात बसावं हे तेव्हा नवं होतं. शिक्षणाधिकारी जॉन न्यूसम तरुण आणि धडाडीचे होते. त्यांच्यासोबत त्या शाळांमधून फिरल्या, शिक्षिकांशी बोलल्या, वर्गात बसून मुलं काय करतात ते पाहिलं. आपल्याकडं इमारतीचा आराखडा करणारा माणूस वर्ग चालू असताना वर्गात येऊन बसलेला मी कधी पाहिलेला नाही. मेरी मात्र तिथूनच सुरुवात करत.

१९४४ चा शिक्षण कायदा आला, शाळा सोडण्याचं किमान वय १५ वर गेलं, युद्धानंतर जन्मदर वाढला, आणि लंडनच्या उत्तरेला हर्टफर्डशायरमध्ये स्टीव्हनेजसारखी नवी गावं वसू लागली. शाळा हव्यात, लगेच हव्यात, पण वीट नाही, लाकूड नाही, गवंडी नाहीत. देशभर सरकारनं काँक्रीटच्या ठोकळेबाज बराकी उभारायला घेतल्या. हर्टफर्डशायरच्या वास्तुविभागानं तो मार्ग नाकारला. तिथले उपप्रमुख स्टिरॅट जॉन्सन-मार्शल आणि तरुण डेव्हिड मेड यांनी वेगळी वाट काढली, आणि मेरी त्यांना येऊन मिळाल्या.

ही वाट समजून घेण्यासारखी आहे. आपल्याकडं ठिपक्यांची रांगोळी काढतात. ठिपक्यांमधलं अंतर ठरलेलं असतं, पण ते जोडून कमळ काढायचं की कासव, हे काढणारीच्या हातात असतं. हर्टफर्डशायरनं जमिनीवर असेच ठिपके मानले, एकमेकांपासून ८ फूट ३ इंचांवर. खांब उभे राहायचे ते या ठिपक्यांवरच. लोखंडी खांब, तुळया, भिंतीचे तयार तुकडे, खिडक्या, सगळं कारखान्यात त्या मापानं तयार व्हायचं आणि जागेवर आणून जोडायचं. युद्ध संपल्यामुळं कारखान्यांना काम हवंच होतं. माप एकच, तरीही कुठल्याही दोन शाळा सारख्या नाहीत, कारण जमिनीचा उतार, जुनं झाड, सूर्याची दिशा बघून खोल्या पुढं-मागं सरकवता यायच्या. चेशंट गावची बर्ले बालशाळा ही मेरी आणि डेव्हिड यांनी या पद्धतीनं केलेली पहिल्या काही शाळांपैकी एक. पुढच्या दहाएक वर्षांत परगण्यात अशा शंभरेक नव्या शाळा उभ्या राहिल्या.

पण माझ्या मते खरी गंमत सांगाड्यात नाही, आतल्या मापांत आहे. लहान मुलांच्या उंचीची हात धुण्याची भांडी बाजारात मिळत नव्हती, तर ती मुद्दाम घडवून घेतली. खुर्ची-टेबल मुलांची अंगमापं घेऊन ठरवली. कोट अडकवायची खुंटी मुलाचा हात पोचेल तिथं. खिडकीचा कट्टा इतका खाली की मुलाला बसल्या जागेवरून बाहेरचं गवत दिसावं. उजेडाचा तर सरकारी नियमच होता: बाहेर मोकळ्यावर जेवढा उजेड असेल त्याच्या निदान २ टक्के उजेड वर्गातल्या प्रत्येक बाकावर पोचला पाहिजे. एका बाजूच्या खिडक्यांनी हे जमत नाही, आतल्या कोपऱ्यातलं मूल अंधारात राहतं. म्हणून दोन बाजूंनी, कधी वरून उजेड घेतला. भिंतींच्या रंगांवर डेव्हिड यांनी वेगळा अभ्यास केला. बांधकामाच्या पैशांतून थोडा भाग काढून शाळांमध्ये चित्रं-शिल्पं लावण्याची पद्धत पडली. स्टीव्हनेजच्या बार्कली शाळेबाहेर हेन्री मूर यांचं ‘फॅमिली ग्रूप’ हे शिल्प उभं राहिलं ते याच काळात. जगातल्या मोठ्या शिल्पकाराचं काम एका साध्या शाळेच्या दारात! मला हे वाचून फार बरं वाटलं.

याच सुमाराची दुसरी एक शाळा वास्तुकलेच्या पुस्तकांत जास्त गाजली. नॉरफोकमधली हन्स्टंटनची शाळा, ॲलिसन आणि पीटर स्मिथसन या जोडप्याची, १९५४ ची. उघडं लोखंड, उघडी वीट, मोठमोठ्या काचा. फोटोत ती देखणी दिसते. पण आतल्या मुलांना उन्हाळ्यात उकडायचं, हिवाळ्यात थंडी वाजायची, काचा तडकायच्या, आवाज घुमायचा. ही शाळा आणि हर्टफर्डशायरची शाळा, दोन्ही आधुनिकतावादीच म्हणवल्या जातात. फरक एवढा की एक सांगाड्याच्या प्रामाणिकपणापासून निघाली आणि दुसरी मुलापासून. माझं मत कुठं आहे ते उघड आहे.

१९४९ मध्ये मेरी आणि डेव्हिड यांचं लग्न झालं आणि दोघंही केंद्रीय शिक्षण मंत्रालयाच्या वास्तुविभागात गेले. इथं त्यांचं काम नमुना शाळा बांधायचं होतं: एक शाळा बांधायची, ती वापरात कशी उतरते ते बघायचं, आणि निरीक्षणं पुस्तिकेच्या रूपानं देशभर पाठवायची, म्हणजे बाकीच्या परगण्यांना त्यातून शिकता येईल. बांधून झाल्यावर परत जाऊन बघणं हा या कामाचा भागच होता.

यातली फिनमियरची शाळा १९५९ ची. ऑक्सफर्डशायरमधलं छोटं गाव, दोन शिक्षिका, पन्नासएक मुलं. मेरी यांच्यापुढं प्रश्न होता तो आम्हा द्विशिक्षकी शाळांचा रोजचा प्रश्न. वेगवेगळ्या वयाची मुलं एकाच वेळी एकाच माणसासमोर आहेत. पाच वर्षांचं एक मूल अक्षर गिरवतंय, आठ वर्षांची मुलगी गोष्ट वाचतेय, दोघं पाण्यात भांडी बुडवून मोजमाप करतायत. या सगळ्यांना एका चौकोनी खोलीत, एका फळ्याकडं तोंड करून बसवलं तर बाई एका गटाला शिकवतील आणि उरलेले वाट बघतील. ऑक्सफर्डशायरमध्ये प्राथमिक शाळांच्या सल्लागार एडिथ मूरहाउस होत्या. तिथल्या खेड्यातल्या शिक्षिका मिश्र वयाचे गट कसे सांभाळतात ते मेरी यांनी पाहिलं, आणि चौकोनी वर्गखोली सोडूनच दिली. त्याऐवजी एकमेकींना लागून छोटे-छोटे कोनाडे: वाचायला शांत जागा, पाणी-माती-रंगांची जागा, स्वयंपाक करून बघायची जागा, आणि बाहेर छपराखालची पडवी. मधले पडदे-दारं सरकवली की सगळी शाळा एक होऊन गाण्याला, जेवणाला बसू शकते. बंद केली की दोन वर्ग. प्रत्येक कोपऱ्यातल्या मुलाकडं बाईंची नजर जाते, आणि तरीही मुलाला स्वतःची जागा आहे असं वाटतं.

आता आमच्या सरकारी शाळांतली नलीकली ही शिकवण्याची पद्धत आठवा. १९९५ च्या सुमारास म्हैसूर जिल्ह्यातल्या एच. डी. कोटे तालुक्यात सुरू झालेली ही पद्धत पुढं कर्नाटकभर गेली. पहिली ते तिसरीची मुलं एकत्र, वेगवेगळ्या गटांत, गोल करून जमिनीवर बसतात. कुणाला बाईंची पूर्ण मदत लागते, कुणी सोबत्याकडून शिकतं, कुणी आपलं कार्ड घेऊन एकटं करतं. भिंतीच्या खालच्या पट्ट्यावर मुलांसाठी फळे रंगवलेले असतात. फिनमियरमध्ये मेरी यांनी जे हेरलं तेच हे. शिकवण्याची पद्धत आपल्याकडं पोचली, खोली मात्र चौकोनीच राहिली. पाच गट एका खोलीत बसले की पाठ म्हणणाऱ्यांच्या आवाजात वाचणारा गट बुडून जातो, मग बाई सगळ्यांनाच गप्प करतात. यात बाईंचा दोष नाही.

फिनमियरनंतर लंडनच्या दाट वस्तीत, १९६६ मध्ये एव्हलिन लो शाळा झाली, साडेतीन ते नऊ वर्षांच्या मुलांसाठी. त्यात गालिचा घातलेली, पायऱ्या-पायऱ्यांची एक उबदार छोटी खोली होती, गोष्ट ऐकायला आणि एकटं पडून राहायलासुद्धा. पुढच्याच वर्षी इंग्लंडच्या प्राथमिक शिक्षणावरचा प्लाउडन अहवाल आला, आणि या शाळेकडं सगळ्यांचं लक्ष गेलं.

मग एक वाईट गोष्ट घडली. लोकांनी या शाळांतून ‘भिंती पाडा’ एवढंच उचललं. भिंत नाही म्हणजे खर्चही कमी, असा हिशेब झाला. सत्तरच्या दशकात मोठाल्या मोकळ्या सभागृहांत तीन-तीन वर्ग बसवले गेले, गोंगाट झाला, शिक्षक वैतागले, पालक चिडले, आणि खापर फुटलं ते मूळ विचारावर. मेरी यांच्या आराखड्यात मोकळं मैदान कधीच नव्हतं. वेगवेगळ्या स्वभावाच्या जागा होत्या, त्यातल्या काही चांगल्या बंदिस्त. बांधणीच्या बाजूनंही पुढं प्रश्न आले. कारखान्यात बनवलेल्या शाळांची पद्धत इतरांनी देशभर पसरवली, तेव्हा सपाट छपरं गळणं, भिंतींतून थंडी येणं आणि ॲस्बेस्टॉसचा वापर अशा तक्रारी उभ्या राहिल्या. त्या खऱ्या होत्या. मेरी १९७२ मध्ये निवृत्त झाल्या. २००५ साली, ९७ व्या वर्षी त्या गेल्या.

आमच्याकडं यातलं काय चालेल? काच तर मुळीच नको. इंग्लंडला ऊन आत घ्यायचं असतं, आपल्याला ते बाहेर ठेवायचं असतं, आणि पश्चिम खानापुरात तर पावसाचाच विचार पहिला. जुलैत कणकुंबीकडं काय पाऊस असतो ते इथल्या माणसाला सांगायला नको. माझ्या वर्गाच्या खिडक्या पश्चिमेला आहेत. झड आत येते म्हणून पत्र्याच्या झडपा लावाव्या लागतात. लावल्या की अंधार, त्यात वीज गेलेली. उघडल्या की भिंतीकडेची दप्तरं भिजतात. मुलं दाराच्या उजेडात सरकून बसतात, आणि दोन तास वर्ग दाराजवळच्या तीन हात जागेत चालतो. जुन्या कौलारू शाळांमध्ये मधे एक-दोन काचेची कौलं असत, त्यांचा उजेड भरपावसातही खाली पडे. मेरी वरून उजेड घेत होत्या तोच हा उपाय, आपल्या सुतारांना आधीपासून माहीत असलेला. स्लॅब आला आणि तो गेला.

दुसरी गोष्ट खिडकीच्या उंचीची. मेरी यांची मुलं खुर्चीवर बसत, आपली पहिलीतली मुलं जमिनीवर बसतात. जमिनीवर बसलेल्या सहा वर्षांच्या मुलाचे डोळे दोन फुटांच्या आतच असतात. खिडकी मात्र सगळीकडं तीन फुटांवरून सुरू होते, कारण ते माप उभ्या मोठ्या माणसाचं आहे. त्या मुलाला खिडकीतून फक्त आभाळाचा तुकडा आणि सळया दिसतात. कट्टा दीड फुटावर आणला, वर गज नीट बसवले, तर वाढीव खर्च काही नाही. आणि तोच कट्टा वाचायला बसायची जागा होतो.

फिनमियरच्या कोनाड्यांसाठी नवी इमारत लागतेच असंही नाही. आपल्या पडवीकडंच बघा. बहुतेक शाळांची पडवी चार-पाच फुटांची, चपला काढायला आणि ये-जा करायला पुरेल एवढीच. ती आठ फुटांची केली तर एक पूर्ण गट तिथं गोल करून बसतो, ये-जाही अडत नाही. जांभ्याच्या चिऱ्यांची कमरेएवढी भिंत एका टोकाला घातली की वाचनाचा कोपरा तयार. पडवी पूर्वेला घ्यायची, म्हणजे झड लागत नाही आणि सकाळचा उजेड मिळतो. छपराची पुढची कड दोन हात बाहेर काढायची, म्हणजे पागोळ्या जोत्यावर पडत नाहीत.

हे सगळं ठरतं ते इस्टिमेट तयार होण्याआधी, नंतर नाही. शाळेला खोली मंजूर झाल्याचं कळलं की एसडीएमसीची, म्हणजे शाळेच्या विकास व देखरेख समितीची, बैठक होते, पण तोवर नकाशा बहुधा आलेला असतो. त्याआधीच गुरुजी-बाईंनी आणि पालकांनी अभियंत्यांना सकाळी दहा ते बारा वर्गात येऊन बसायला सांगावं, आणि सोबत कागदावर चार मापं द्यावीत: सर्वांत लहान मुलाचे बसलेले डोळे किती उंचीवर, त्याचा हात किती वर पोचतो, पाऊस कुठल्या बाजूनं येतो, आणि एका वेळी किती गट बसतात. नळ किती उंचीवर लावायचा, खुंटी कुठं ठोकायची, कट्टा किती खाली घ्यायचा, याची उत्तरं त्या कागदातून निघतात. आणि ती पट्टी धरायला मुलांनाच लावलं, तर चौथीच्या गणितातलं मोजमापही होऊन जातं.